गावातली पाल नेमकी कोणती? विदर्भातल्या हेमिडॅक्टायलस पाली ओळखण्याची रीत

भिंतीवर दिसली की घरपाल, कडुनिंबाच्या खोडावर दिसली की झाडपाल आणि वावरातल्या दगडाखाली निघाली की विषारी. गावाकडे पालींची वाटणी साधारण या तीन खणांत होते. यातला तिसरा खण रिकामाच आहे, कारण भारतातली एकही पाल विषारी नाही. पहिले दोन फसवे आहेत. झाडावर राहणारी पाल पावसाळ्यात दिव्याखालचे किडे खायला खुशाल ओसरीत येते, आणि दगडाखालची खरखरीत पाल गोठ्याच्या भेगेतही नांदते. म्हणून जागेवरून नाव ठरवू नका. आधी बोटं, पाठ आणि मांड्या पाहून लिहून काढा. नाव शेवटी लिहा, आणि पुराव्यातून जेवढं निघतं तेवढंच लिहा.

विदर्भाच्या गावांत दिसणाऱ्या बहुतेक पाली हेमिडॅक्टायलस या एकाच प्रजातीतल्या आहेत. (इथे प्रजाती म्हणजे जीनस, जाती म्हणजे स्पीशीज. वर्तमानपत्रांत याची नेहमी अदलाबदल होते.) जगात या प्रजातीत पावणेदोनशेहून जास्त जाती आहेत, भारतात चाळीसहून जास्त, आणि यादी दरवर्षी वाढते आहे. जुन्या पुस्तकातल्या तक्त्यावर विसंबून काम होत नाही याचं हेच कारण. 2008 मध्ये टेराटोलेपिस आणि द्रविडोगेको या दोन वेगळ्या मानलेल्या प्रजाती डीएनएच्या आधारे हेमिडॅक्टायलसमध्ये घातल्या गेल्या. पुढे 2019 मध्ये त्यातली द्रविडोगेको पुन्हा बाहेर काढावी लागली. तज्ज्ञांची ही स्थिती आहे, तेव्हा एका धूसर फोटोवरून छातीठोक नाव सांगणाऱ्याला दोन प्रश्न जास्तच विचारावेत.

आधी प्रजाती पक्की करा

डोळा पाहा. पापण्या मिटत असतील तर ती हेमिडॅक्टायलस नाही. जाड शेपटीची, जमिनीवर संथ चालणारी, पापण्या मिटणारी पाल ही लेपर्ड गेको, म्हणजे युब्लेफॅरिस. सातपुड्यातली तिची जात 2014 मध्ये वेगळी नोंदली गेली आहे. तिच्या बोटांना चिकटणाऱ्या गाद्याही नसतात. पापण्या मिटत नाहीत, पण बोटं बारीक, वाकडी आणि नुसत्या नखांची असतील तर सायर्टोडॅक्टायलस या दुसऱ्या प्रजातीचा विचार करा. पावसाळ्यात पालापाचोळ्यात ती दिसते.

हेमिडॅक्टायलसची खूण बोटात आहे. बोटाचा मधला भाग रुंद असतो आणि त्याच्याखाली आडव्या पट्ट्या असतात. बहुतेक पट्ट्या मधोमध चिरलेल्या, म्हणजे दोन ओळींत मांडल्यासारख्या दिसतात. या गादीच्या टोकाच्या आतून बोटाचं शेवटचं पेर सुटं, बारीक आणि वर उचललेलं निघतं, त्यालाच नख असतं. चिरलेल्या पट्ट्या आणि सुटं पेर ही दोन्ही दिसली की प्रजाती ठरली.

सामान आणि वेळ

सामान फार लागत नाही. बरा कॅमेरा असलेला मोबाइल, दोन टॉर्च, 15 सेंटिमीटरची पारदर्शक प्लॅस्टिकची पट्टी, वही आणि पेन्सिल. पेन नको, घामाने आणि दवाने शाई पसरते. पायात घोट्याच्या वर येणारे बूट हवेतच. ज्या भिंतीवर पाली असतात तिथे कवड्या साप येतो. तो बिनविषारी, पण त्याच्यासारखाच दिसणारा मण्यार त्याच अंगणात फिरत असतो, आणि रात्री टॉर्चच्या उजेडात दोघांतला फरक करत बसण्यात शहाणपण नाही. पराटीच्या ढिगात, कवेलूंच्या थप्पीत, दगडी धुऱ्याच्या फटीत हात घालू नका. आणखी एक ठिकाण टाळा: मोटारपंपाच्या स्टार्टरची पेटी. उबेला आणि किड्यांना पाल तिथे शिरते, कधी कॉन्टॅक्टरमध्ये चिरडून मोटार बंद पाडते. पेटीतली पाल पाहायची असेल तर मेन स्विच पाडूनच.

होळीच्या सुमारापासून जूनपर्यंत संध्याकाळी पाली भरपूर दिसतात. मे महिन्यात मात्र दिवेलागणीलाच जाऊ नका. दिवसभर तापलेली सिमेंटची भिंत आणि टिनाचं छत तेव्हाही पोळत असतं, पाली फटीतच राहतात. रात्री 8 नंतर बाहेर पडतात. पहिल्या पावसानंतर दिव्याला किडे लागले की सगळ्यात चांगला हंगाम. डिसेंबर-जानेवारीत फेऱ्या मारून हाती फारसं लागत नाही, तेव्हा अंडी शोधा. कवेलूखाली, दाराच्या चौकटीमागे, मीटरच्या पाटीमागे पांढरी, गोल, कडक कवचाची, बहुधा दोन-दोनच्या जोडीने चिकटलेली असतात. एकाच जागी अनेक माद्या घालतात, म्हणून दहा-बारा कवचं एकत्र दिसली तर ती एकीची समजू नका. नुसत्या अंड्यावरून जात ठरत नाही, पण जागा कळते.

एका गावात कमीत कमी पाच प्रकारच्या जागा पाहा: दिव्याखालची पक्की भिंत, मातीची किंवा शेणाने सारवलेली भिंत, जुनं खोड (मोह, चिंच, कडुनिंब), दगडी धुरा किंवा पडकी गढी, आणि मोकळं मुरमाड रान जिथे वारुळं आहेत. फक्त शाळेच्या व्हरांड्यात मोजणी केली तर गावात दोनच जाती आहेत असं वाटतं.

हात न लावता फोटो

पाल धरायची किंवा डब्यात घ्यायची तर वनविभागाची लेखी परवानगी लागते असं समजूनच चाला. तशी धरण्याची गरजही पडत नाही. धरलेली पाल शेपूट टाकते, आणि शेपटीच्या बुडाची रचना हीच ओळखीतली मोठी खूण असते.

पहिला फोटो लांबून, आजूबाजूच्या जागेसकट. दुसरा पाठीचा, लेन्स भिंतीला काटकोनात ठेवून. या फोटोला मोबाइलचा फ्लॅश बंद ठेवा. सोबतच्या माणसाला टॉर्च भिंतीला जवळपास टेकवून आडवी धरायला सांगा. आडव्या उजेडात पाठीवरच्या प्रत्येक दाण्याची, म्हणजे उठलेल्या खवल्याची, सावली पडते आणि रांगा मोजता येतात. समोरून फ्लॅश मारला की खरखरीत पाठही गुळगुळीत दिसते, आणि निम्म्या चुकीच्या ओळखी इथूनच सुरू होतात. तिसरा फोटो डोक्याचा बाजूने, चौथा संपूर्ण शेपटीचा.

पोटाकडचा फोटो काचेतून मिळतो. शाळेत किंवा ग्रामपंचायतीत सरकत्या काचेची खिडकी असते. खोलीतला दिवा सुरू ठेवला की बाहेरच्या बाजूने किडे बसतात आणि त्यांच्यामागे पाल काचेवर येते. ती स्थिर झाली की आतला दिवा बंद करा, टॉर्च बाजूने धरा, मोबाइल काचेपासून 10 ते 15 सेंटिमीटरवर ठेवा आणि फोकस पायावर बोट टेकवून लॉक करा. नाहीतर कॅमेरा काचेवरच्या धुळीवर फोकस करतो. काच आदल्या दिवशी दोन्ही बाजूंनी पुसून ठेवा. एकाच फोटोत बोटांच्या पट्ट्या, मांड्यांवरची छिद्रं आणि पोटाचा रंग मिळतो.

मापासाठी पाल जागेवर असताना तिच्याजवळ पट्टी नेऊ नका, ती पळते. फोटो काढा, मोबाइलचं अंतर आणि झूम तसंच ठेवा, पाल सरकली की त्याच जागी पट्टी धरून दुसरा फोटो घ्या. माप नाकाच्या टोकापासून गुदछिद्रापर्यंत धरायचं. शेपूट मापात घेत नाहीत, कारण ती तुटून पुन्हा वाढलेली असू शकते.

काय वाचायचं

पट्ट्या मागच्या पायाच्या दोन बोटांवर मोजा: पहिलं, म्हणजे आतलं आखूड बोट, आणि चौथं, सगळ्यात लांब. गादीची पूर्ण रुंदी व्यापणाऱ्या पट्ट्याच धरा. तळाकडचे बारीक खवले धरले की आकडा दोन-तीनने फुगतो. टोकाची न चिरलेली पट्टी एक म्हणून मोजा.

मांड्यांवरची छिद्रं फक्त नराला असतात. मेणाने भरलेल्या ठिपक्यांची ओळ मांडीवरून गुदछिद्राच्या पुढच्या भागाकडे जाते. प्रत्येक बाजूला किती आणि मध्ये खंड आहे की नाही, हे दोन्ही लिहा. नर असल्याची दुसरी खूण म्हणजे शेपटीच्या बुडाशी असलेले दोन फुगवटे. ‘छिद्रं नाहीत’ एवढंच लिहिलेली नोंद निरुपयोगी ठरते. मादी आहे की फोटो अस्पष्ट आहे, तेही लिहा.

आता हेमिडॅक्टायलसमधल्या जाती. मोठी, गुळगुळीत, राखाडी आणि काचेतून पोट पिवळट दिसणारी पाल ही फ्लॅव्हिव्हिरिडिस. नाकापासून गुदछिद्रापर्यंत 90 मिलिमीटरच्या आसपास जाते. पाठीवर मोठे दाणे नाहीत. पहिल्या बोटाखाली 7 ते 10 आणि चौथ्याखाली 11 ते 14 पट्ट्या. नराच्या प्रत्येक मांडीवर जेमतेम 5 ते 7 छिद्रं. उत्तर भारतातल्या घरांची ही नेहमीची पाल.

तेवढीच मोठी, पण पाठीवर गडद, नागमोडी आडवे पट्टे असलेली आणि खोडाच्या सालीत मिसळून जाणारी ती लेशेनॉल्टाय. पट्ट्या पहिल्या बोटाखाली 6 किंवा 7, चौथ्याखाली 9 ते 11. नराला प्रत्येक बाजूला 12 ते 16 छिद्रं, म्हणजे फ्लॅव्हिव्हिरिडिसच्या दुपटीहून जास्त. रात्री या दोघींचाही रंग उतरतो आणि पट्टे जवळजवळ नाहीसे होतात. व्हरांड्यातली फिकट मोठी पाल पाहून ‘फ्लॅव्हिव्हिरिडिसच’ म्हणताना शंकेची पाल चुकचुकली पाहिजे. सांगायला हरकत नाही की डीएनएनुसार या दोघी एकमेकींच्या अगदी जवळच्या नातलग निघाल्या आहेत, तेव्हा गोंधळ होण्यात नवल नाही. छिद्रं मोजा, वाद मिटतो.

फ्रेनेटस लहान, 60 मिलिमीटरपर्यंत. पाठ जवळपास गुळगुळीत, शेपटीवर टोकदार दाण्यांच्या आडव्या ओळी. पहिलं बोट अगदी आखूड, त्याखाली 4-5 पट्ट्या. खरी खूण नरात: छिद्रांची ओळ एका मांडीपासून दुसऱ्या मांडीपर्यंत अखंड, एकूण तीसच्या आसपास. दुसरी खूण कानाला कळते. रात्री मोठ्याने, ठराविक लयीत ‘चक-चक-चक’ करणारी ती बहुधा हीच. माणसाच्या सामानाबरोबर जगभर पसरलेली जात आहे. बाजाराच्या गावात, एसटी स्टँडजवळ, गोदामांत आधी शोधा. आडगावात एकटीच सापडली तर फोटो दोनदा तपासा.

ट्रायड्रस जमिनीवरची, जाडसर. पाठीवर तीन पैलूंचे उठावदार दाणे आणि आडवे पट्टे, त्या पट्ट्यांच्या कडेने पांढरे ठिपके. वारुळं, मुरूम आणि दगडांखाली राहते. हा जातिगट 2018 मध्ये पुन्हा तपासला गेला आणि त्यातून महाराष्ट्र आणि कर्नाटकातल्या नव्या जाती वेगळ्या झाल्या. म्हणून शक्यतो ‘ट्रायड्रस गट’ लिहा. याच मुरमाड रानात ग्रॅसिलिस मिळते: बारीक, सडपातळ, बोटांच्या गाद्या नावापुरत्या. निसर्गशास्त्रज्ञ ब्लॅनफर्ड यांनी 1870 मध्ये मध्य भारतातून तिचं वर्णन केलं. ती भिंतीवर चढत नसल्याने गावात कोणाला माहीतच नसते, आणि दिसली तरी सापसुळीचं पिल्लू म्हणून सोडून दिली जाते. सापसुळीचे खवले चकचकीत आणि एकावर एक बसलेले असतात, ग्रॅसिलिसची कातडी मंद आणि दाणेदार. तिच्यासाठी दिवसा दगड उलटायचे तर दगडाची पलीकडची कड आपल्याकडे ओढून उचला, म्हणजे खालचा विंचू किंवा साप तुमच्या पायाकडे न येता पलीकडे निघतो. दगड जसा होता तसाच परत बसवा. पालथा ठेवलेला दगड खालून कोरडा पडतो आणि ती जागा मोडते.

ब्रुकाय नावाचं गाठोडं

सगळ्यात जास्त डोकेदुखी लहान, खरखरीत पालींची. पाठीवर मधोमध कंगोरा असलेल्या दाण्यांच्या साधारण 16 ते 20 उभ्या रांगा, तपकिरी अंगावर गडद ठिपके, 55 ते 65 मिलिमीटर माप, नराला दोन्हीकडे छिद्रं आणि मध्ये स्पष्ट खंड. विदर्भातल्या प्रत्येक गावात अशी पाल असते, आणि जवळपास प्रत्येक जुन्या यादीत तिच्यापुढे ‘ब्रुकाय’ लिहिलेलं असतं.

ब्रुकाय हे नाव प्राणिशास्त्रज्ञ ग्रे यांनी 1845 मध्ये दिलं, तेही बोर्निओच्या नमुन्यावरून. पुढे भारतातली प्रत्येक लहान खरखरीत पाल त्याच गाठोड्यात गेली. 2016 च्या सुमारास डीएनए आणि शरीररचना एकत्र तपासल्यावर गाठोड्यातून पार्व्हिमॅक्युलॅटस, मरेयी, ग्लिडोवाय अशा वेगळ्या जाती पुन्हा उभ्या राहिल्या. (मरे यांनी 1884 मध्ये एका पालीला ग्लिडो यांचं नाव दिलं, ग्लिडो यांनी 1887 मध्ये दुसरीला मरे यांचं. परतफेड चोख झाली.) या जातींतले फरक छिद्रांची संख्या, मधल्या खंडातले खवले, दाण्यांच्या रांगा आणि आकार यांत आहेत, आणि त्यांचे आकडे एकमेकांत शिरतात. मादीच्या किंवा पिल्लाच्या फोटोवरून यातली जात सांगता येत नाही. नराचा पोटाकडचा स्पष्ट फोटो मिळाला तरी नोंदीत ‘ब्रुकाय गट, नर, छिद्रं डावीकडे इतकी, उजवीकडे इतकी, मध्ये इतके खवले’ असंच लिहा. पुढे कोणी परवानगी घेऊन नमुने तपासेल तेव्हा ही ओळ त्याच्या कामाची असते, आणि अंदाजाने टाकलेलं जातीचं नाव कामात अडथळा आणतं.

डोंगर आणि कडेचे जिल्हे

पश्चिम विदर्भात काळा बेसाल्ट, पूर्वेला नाईस आणि वालुकाश्म. खडक बदलला की खडकावरच्या पाली बदलतात, आणि एका डोंगररांगेपुरत्या मर्यादित असलेल्या जाती अशाच ठिकाणी निघतात. चिखलदऱ्याच्या नावाची हेमिडॅक्टायलस चिखलदराएन्सिस 2019 मध्ये वर्णन झाली. मध्य प्रदेशातल्या सातपुड्यातून 2017 मध्ये चिपकली नावाची जात आली. गडचिरोलीला लागून असलेल्या कांकेर जिल्ह्यातून 2015 मध्ये यजुर्वेदी, आणि बस्तरच्या कांगेर खोऱ्यातून 2017 मध्ये कांगेरेन्सिस. जिल्ह्याची सीमा पालीला माहीत नसते, त्यामुळे कोरची, धानोरा भागातल्या मोठ्या खडकांवरच्या पाली बारकाईने पाहायला हव्यात. सिरोंचाच्या बाजूला मोठ्या खडकावर हाताच्या पंज्याएवढं अंग असलेली पाल दिसली तर जायगँटियस आहे का ते तपासा. तिचं पहिलं वर्णन 1871 मध्ये गोदावरीच्या खोऱ्यातल्याच नमुन्यावरून झालं आहे.

या भागात फक्त गावातल्या याद्यांवर विसंबू नका. पालीचे आकडे वर दिलेल्या कोणत्याही जातीत बसत नसतील तर जवळचं नाव ओढूनताणून लावू नका, ‘हेमिडॅक्टायलस, जात अनिश्चित’ लिहा आणि खडकाचा प्रकार नोंदवा. मेळघाटासारख्या राखीव क्षेत्रात परवानगीशिवाय रात्री फिरता येत नाही. चिखलदऱ्यात गावातल्या इमारती, रस्त्याकडेच्या भिंती आणि पुलांचे दगडी कठडे एवढ्यावर काम करा.

हमखास होणाऱ्या चुका

पुन्हा वाढलेली शेपूट गुळगुळीत, जाडसर आणि एकरंगी असते. तिच्यावर दाणे नाहीत म्हणून ‘गुळगुळीत जात’ ठरवली जाते. शेपटीत अचानक रंग बदलणारी रेघ दिसते का पाहा. तिच्यापासून धडाकडचा भागच खरा.

पिल्लांच्या शेपटीवर ठळक पट्टे असतात. मोठी झाल्यावर ते पुसट होतात, त्यामुळे आई आणि पिल्लू दोन जाती म्हणून नोंदले जातात.

कात टाकण्याआधी पाल पांढुरकी, धुळकट दिसते आणि दाणे झाकले जातात. दोन-तीन दिवसांनी पुन्हा त्याच भिंतीवर पाहा. बहुतेक पाली आपली जागा सोडत नाहीत. चुन्याच्या भिंतीवर पाल फिकट आणि काळ्या दगडावर गडद होते, म्हणून नोंदीत रंगाच्या आधी बसलेल्या जागेचा रंग लिहा.

पाल अंगावर पडली किंवा अन्नात पडली की विषबाधेची भीती घालतात. विष नसतं, पण विष्ठेतून साल्मोनेलासारखे जंतू येऊ शकतात. अन्न टाकून द्या, भिंत चाचपल्यावर साबणाने हात धुवा.

नोंद कशी लिहायची

प्रत्येक पालीला एक ओळ. तारीख, वेळ, गाव आणि तालुका, मोबाइलवरून घेतलेले अक्षांश-रेखांश पाच दशांशांपर्यंत, पृष्ठभाग, जमिनीपासून उंची, माप, नर/मादी/पिल्लू, दोन्ही बोटांच्या पट्ट्या, छिद्रं आणि खंड, दाण्यांच्या रांगा, शेपूट मूळची की पुन्हा वाढलेली. यातलं जे दिसलं नाही तिथे ‘दिसलं नाही’ लिहा, शून्य लिहू नका. जातीचा रकाना सगळ्यात उजवीकडे ठेवा आणि तो घरी येऊन, फोटो मोठे करून मगच भरा.

फोटोंना गाव, तारीख आणि ओळीचा क्रमांक अशी नावं द्या. आयनॅचरलिस्ट या जीवसृष्टीच्या नोंदींच्या संकेतस्थळावर टाकताना एका पालीचे सगळे फोटो एकाच नोंदीत चढवा. पाठीचा एक आणि पोटाचा एक अशा वेगळ्या नोंदी केल्या तर तपासणारा दोन पाली समजतो. खडकावरच्या, एकाच टेकडीपुरत्या पालीचं अचूक ठिकाण जाहीर न करता झाकून ठेवा. त्यासाठी नोंदीत पर्याय असतो.